नेट नाही म्हणजे नेमकं काय नाही?

कॉम्प्युटर सुरू केला की स्क्रीनच्या मधोमध एक चौकट येते. डब्ल्यूपीकॅप डॉट डीएलएल ही फाईल सापडत नाही, त्यामुळे प्रोग्राम चालणार नाही, पुन्हा इन्स्टॉल करून पाहा, असं तिच्यात इंग्रजीत लिहिलेलं असतं. गिऱ्हाईक त्या चौकटीचा फोटो मला व्हॉट्सअॅपवर टाकतं आणि खाली विचारतं, "ताई, व्हायरस आला का जी?"

व्हायरस नसतो. कोणीतरी हौसेनं नेटवर नजर ठेवणारा प्रोग्राम टाकलेला असतो. इन्स्टॉल न करता त्याचं फोल्डर तेवढं पेनड्राइव्हवर उचलून आणलेलं असतं. किंवा "हे काय ओळखीचं नाही बुवा" म्हणून कंट्रोल पॅनेलमधून नेमकी कामाची गोष्ट काढून टाकलेली असते. या फायलीबद्दल चार शब्द सांगावेत असं बरेच दिवस मनात होतं, कारण आमच्या भागात तिची गरज पुण्या-मुंबईपेक्षा जास्त आहे.

माझं दुकान आरमोरीत. गिऱ्हाईक वैनगंगेच्या दोन्ही अंगांचं. अलीकडे कुरखेडा, कोरची, धानोरा. पूल ओलांडला की ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाही. सेवा केंद्रं, पतसंस्था, शाळांची ऑफिसं, राईस मिलचे हिशेबनीस, आणि दिवाळीनंतर झाडीपट्टीचा हंगाम लागला की वडशातल्या नाटक मंडळ्यांची बुकिंगची ऑफिसं. सगळ्यांची तक्रार एकच: नेट नाही. कुठे फायबर आहे, पण रस्ता रुंद करताना जेसीबीचा दात लागला की दोन-दोन दिवस बंद. कुठे सिमकार्डाच्या राउटरवर सगळं ऑफिस चालतं. तिकडे दक्षिणेला भामरागडात पर्लकोटेचं पाणी पुलावर चढलं की रस्ताच तुटतो, तिथे नेटची काय कथा! अशा ठिकाणी जे थोडंथोडकं नेट मिळतं ते जातं कुठे आणि अडतं कुठे, हे कळायला हवं. ते कळवण्याचं काम डब्ल्यूपीकॅपसारख्या फायली करतात.

डीएलएल म्हणजे प्रोग्रामांनी वाटून वापरायची फाईल. प्रिंट काढणं, फाईल उघडणं, नेटवर जोडणी करणं ही कामं प्रत्येक प्रोग्रामनं नव्यानं लिहीत बसू नयेत म्हणून ती एकदाच लिहून ठेवतात. ज्याला लागतील तो बोलावतो. विंडोजच्या स्वतःच्या अशा शेकडो फायली सिस्टम32 नावाच्या फोल्डरमध्ये असतात. (गंमत अशी की 64 बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम32 फोल्डरात 64 बिटच्या फायली असतात, आणि 32 बिटच्या सिसवाऊ64 नावाच्या फोल्डरात. मायक्रोसॉफ्टला जुने प्रोग्राम मोडायचे नव्हते म्हणून नावं तशीच राहिली. नव्या पोराला हे समजावताना माझा अर्धा तास जातो.) डब्ल्यूपीकॅप मात्र विंडोजबरोबर येत नाही. ती बाहेरून बसवावी लागते, म्हणून तीच बहुतेक वेळा "सापडत नाही".

आता चौकट दिसली की लोक काय करतात? गुगलवर फाईलचं नाव टाकतात, "फुकट डीएलएल डाउनलोड" म्हणणाऱ्या एखाद्या साईटवर जातात आणि मिळेल ती फाईल प्रोग्रामच्या फोल्डरात टाकतात. हे कृपा करून करू नका. प्रोग्राम डीएलएल शोधताना साधारणपणे आधी स्वतःच्या फोल्डरात पाहतो, मग सिस्टम32 मध्ये. म्हणजे तुम्ही तिथे ठेवलेली फाईल, मग ती कोणीही बनवलेली असो, प्रोग्रामला मिळालेले सगळे अधिकार घेऊन चालू होते. शिवाय नुसती डब्ल्यूपीकॅप आणून भागतही नाही. तिच्या खाली पॅकेट डॉट डीएलएल लागते आणि तिच्याही खाली, विंडोजच्या गाभ्यात, एक ड्रायव्हर लागतो. तिन्ही एकाच बांधणीच्या हव्यात. फायलीवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा, डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब आहे का आणि त्यात कोणाचं नाव आहे ते बघा. टॅबच नसेल तर मी ती फाईल मशीनवर ठेवत नाही.

या फायली करतात काय, तेही पाहू. नेटवरून येणारी-जाणारी प्रत्येक गोष्ट लहान तुकड्यांत जाते. अशा तुकड्याला पॅकेट म्हणतात. इथरनेटवर एका पॅकेटात जास्तीत जास्त 1500 बाइट. त्यातले सुरुवातीचे साधारण 40 बाइट कुठून कुठे, कितवा तुकडा, अशा नोंदींत जातात, उरलेला मजकूर. एक फोटो म्हणजे असे शेकडो-हजारो तुकडे. एरवी विंडोज ते तुकडे जोडून ज्याच्या त्याच्या हवाली करते, म्हणजे ब्राउझरचे ब्राउझरला आणि टॅलीचे टॅलीला. दुसऱ्याला ते दिसत नाहीत. डब्ल्यूपीकॅपचा ड्रायव्हर नेटवर्क कार्डाच्या लगेच वर बसतो आणि जाणाऱ्या-येणाऱ्या प्रत्येक पॅकेटची एक प्रत स्वतःकडे घेतो. मूळ पॅकेट आपल्या वाटेनं निघून जातं. ताडोबात पाणवठ्याच्या वाटेवर दोन्ही बाजूंना कॅमेरा ट्रॅप लावतात, तसंच हे: कॅमेरा वाघाला अडवत नाही, वळवत नाही, फक्त कोण, कधी, कोणत्या दिशेनं गेलं ते टिपून ठेवतो. पट्टे पाहून वाघ ओळखायचं काम नंतर माणूस करतो. इथेही तसंच, पॅकेटावरचे आकडे वाचायचे ते नंतर, निवांत.

पण जंगलात रात्रीतून दहा-वीस जनावरं जातात, नेटवर सेकंदाला हजारो पॅकेट. सगळ्यांची प्रत प्रोग्रामपर्यंत नेली तर जुना कॉम्प्युटर तिथेच बसेल. म्हणून चाळणी गाभ्यातच लावतात. "फक्त 53 नंबरचं पोर्ट" किंवा "फक्त या पत्त्याचं मशीन" असं तुम्ही लिहिता, त्या ओळीचा एक बारकासा प्रोग्राम बनतो, तो ड्रायव्हरच्या पातळीवरच नको ती पॅकेटं सोडून देतो आणि हवी तेवढीच वर पाठवतो. ही युक्ती अमेरिकेतल्या लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेतल्या स्टीव्हन मॅकॅन आणि व्हॅन जेकबसन या दोघांनी काढली आणि 1993 मध्ये निबंधरूपानं मांडली. तिचा वाढवलेला अवतार आज लिनक्समध्ये आहे. अँड्रॉइड 9 पासून फोनमधला डेटा वापराचा हिशेब ठेवायलाही तोच वापरतात. रोजच्या दीड जीबीतलं कोणत्या अॅपनं किती खाल्लं, हे फोन सांगतो ते त्याच्या जोरावर.

याच्या मागची हकीकत मला फार आवडते. ऑक्टोबर 1986. लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळा आणि तिच्या शेजारचं कॅलिफोर्निया विद्यापीठ, दोघांत अंतर 400 यार्ड, म्हणजे आमच्या बसस्टँडपासून बाजारापर्यंतही नाही. दोन्हींमधल्या जोडणीचा वेग सेकंदाला 32 हजार बिटवरून 40 बिटवर आला. चाळीस! पूर्ण भरलेलं 1500 बाइटचं एक पॅकेट त्या वेगानं पाठवायचं तर पाच मिनिटं लागतील. वायर तुटलेली नव्हती, मशीन बिघडलेलं नव्हतं. गर्दीत पॅकेटं हरवत होती, उत्तर आलं नाही म्हणून प्रत्येक कॉम्प्युटर तीच पॅकेटं पुन्हा पाठवत होता, त्यानं गर्दी आणखी वाढत होती. जेकबसननं यावर उपाय काढला: पॅकेट हरवलं तर समजायचं की वाटेत गर्दी आहे, हात आखडता घ्यायचा, मग हळूहळू वेग वाढवायचा. 1988 साली त्यानं हे मांडलं. त्याच सुमाराला तो, क्रेग लेरेस आणि मॅकॅन यांनी वाटेवरचं पॅकेट न् पॅकेट छापून दाखवणारा टीसीपीडम्प हा प्रोग्राम लिहिला. त्यातला पॅकेट टिपायचा भाग पुढे वेगळा काढला, कोणालाही वापरता येईल असा. त्याचं नाव लिबपीकॅप. या सगळ्या फायलींचं मूळ ते. वेगवान नेटवाल्यांच्या चैनीतून नव्हे, रखडलेल्या नेटच्या वैतागातून ही हत्यारं घडली, म्हणून ती मला आपल्या घरची वाटतात.

लिबपीकॅप युनिक्सवर चालायची. विंडोजसाठी तिची आवृत्ती इटलीत, तुरीनच्या तंत्रविद्यापीठात, 1999 च्या सुमाराला तयार झाली. लोरिस देजोआनी नावाचा विद्यार्थी त्यात पुढे होता. तिचं नाव विनपीकॅप, आणि डब्ल्यूपीकॅप डॉट डीएलएल ही तिचीच. तिच्या जोडीला कॅन्सस सिटीचा जेराल्ड कोम्ब्स. लहानशा इंटरनेट कंपनीत नोकरी, विकतचे पॅकेट तपासायचे प्रोग्राम परवडणारे नव्हते, म्हणून त्यानं 1998 मध्ये स्वतःचा लिहून फुकट वाटला. तेव्हा नाव इथेरियल होतं. 2006 मध्ये नोकरी बदलली, जुन्या नावाचा हक्क मागे राहिला, आणि नवं नाव ठेवलं वायरशार्क. विनपीकॅपची शेवटची आवृत्ती 2013 ची. त्यानंतर तिच्याकडे कोणी पाहिलं नाही. विंडोज 10 आणि 11 साठी आता एनपीकॅप वापरायची. ती एनमॅप या प्रकल्पाची. वायरशार्क 2019 पासून तीच बसवतं. तिची फुकट आवृत्ती पाच कॉम्प्युटरपर्यंत चालते, आणि वायरशार्कसाठी वापरली तर पाचाची अटही नाही. जुना प्रोग्राम "विनपीकॅपच पाहिजे" म्हणून अडून बसला तर एनपीकॅप बसवताना विनपीकॅपसारखं वागायचा पर्याय टिचकी मारून निवडता येतो. त्या सुरुवातीच्या चौकटीचं औषध बहुधा एवढंच.

गेल्या पावसाळ्यात धानोरा तालुक्यातल्या एका सेवा केंद्रावर मी बसले होते. दोन कॉम्प्युटर, एक प्रिंटर, सिमवाला राउटर खिडकीत टांगलेला. बाहेर अर्ज भरायला रांग. चालवणारा पोरगा रडकुंडीला आलेला, कारण लोक त्यालाच बोलत होते. मी वायरशार्क लावलं. पडद्यावर ओळी धावायला लागल्या: फिकट जांभळ्या टीसीपीच्या, फिकट निळ्या यूडीपीच्या (पॅकेट पाठवायच्या या दोन पद्धती). आणि मधूनमधून काळ्या पट्टीवर लाल अक्षरं. या काळ्या ओळी म्हणजे गडबडीची पॅकेटं, बहुतेक वेळा हरवली म्हणून पुन्हा पाठवलेली.

माझा अनुभव असा की "नेट नाही" म्हणणाऱ्याच्या मशीनवर तीनपैकी एक गोष्ट दिसते. पहिली: साईटचं नाव दिल्यावर तिचा आकडी पत्ता विचारणारी चौकशी 53 नंबरच्या पोर्टावर जाते, आणि उत्तरच येत नाही. पुन्हा जाते, पुन्हा नाही. अशा वेळी व्हॉट्सअॅप चालू असतं आणि साईट उघडत नाहीत, म्हणून लोक चक्रावतात. राउटरमध्ये चौकशीचा पत्ता बदलला की पाच मिनिटांत काम होतं.

दुसरी काळ्या ओळींची. शंभरातल्या पाच-दहा ओळी काळ्या दिसल्या की मी राउटर उचलून दुसऱ्या खिडकीत नेते. इथे जेकबसनचा उपायच थोडा आडवा येतो. त्यानं गृहीत धरलं की पॅकेट हरवलं म्हणजे गर्दी. आमच्याकडे पॅकेट हरवतं ते टॉवर लांब आणि मधे सागाचं रान म्हणून, किंवा पाऊस धो धो कोसळतोय म्हणून. वाट मोकळीच असते. मोबाइलचं तंत्र स्वतःच बरीच हरवलेली पॅकेटं वाटेतल्या वाटेत भरून काढतं, पण जी निसटतात ती पाहून कॉम्प्युटर समजतो की गर्दी झाली, आणि वेग एकदम कमी करतो. पुन्हा एक हरवलं, पुन्हा कमी. रेंजच्या दोन काड्या दिसताहेत आणि नेट तर रांगतंय, याचं एक कारण हे. राउटर दोन हात सरकवून किंवा बाहेरचा अँटेना बसवून जो फरक पडतो तो नवीन प्लॅन घेऊन पडत नाही.

त्या दिवशी धान्याच्या पोत्यांवरून हात लांबवून मी राउटर समोरच्या खिडकीत टांगला, काळ्या ओळी जवळजवळ थांबल्या. तरी अर्ज पुढे सरकेना. मग तिसरी गोष्ट दिसली. आमच्याकडून विनंती निघत होती, पलीकडच्या सर्व्हरकडून "पॅकेट मिळालं" अशी पोच डोळ्याचं पातं लवायच्या आत येत होती, आणि मग शांतता. अर्ध्या मिनिटाहून जास्त काही नाही. मग एकदम उत्तर, किंवा नुसतीच जोडणी तुटल्याची ओळ. पोच लगेच येते म्हणजे वाट ठीक आहे, रेंज ठीक आहे. काम अडलंय ते तिकडच्या मशीनवर. मी पडदा रांगेकडे वळवला आणि वेळेचा रकाना दाखवला. पुढे उभ्या असलेल्या आजोबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे तिकडचा माणूस जेवाले गेला का जी?" रांग हसली. अर्ज रात्री साडेदहानंतर भरले गेले.

ही तिसरी गोष्ट हाती लागली की तक्रारीला वजन येतं. "साईट चालत नाही" असं हेल्पलाइनला सांगितलं तर "तुमचं नेट तपासा" हे ठरलेलं उत्तर मिळतं. किती वाजता विनंती गेली, किती मिलिसेकंदात पोच आली, किती सेकंद उत्तर आलं नाही, एवढं लिहून पाठवलं की पलीकडे निदान वाचणारा माणूस बदलतो.

डेटा जातो कुठे, हा प्रश्न त्याहून सोपा. त्याला काही बसवायलाही लागत नाही. विंडोजमध्ये आयपीएचएलपीएपीआय नावाची डीएलएल आधीपासून असते. कोणता प्रोग्राम कुठल्या पत्त्याशी जोडलेला आहे याची यादी ती देते. पॅकेटात काय आहे ते नाही, फक्त कोण कोणाशी. स्टार्टमध्ये रिसोर्स मॉनिटर शोधा, नेटवर्कचा टॅब उघडा, पाठवलेल्या आणि आलेल्या बाइटांचे रकाने बघा. दुपारी बारालाच दिवसाचा डेटा संपतो म्हणणाऱ्या एका पतसंस्थेत वरच्या ओळीला विंडोजचंच एसव्हीसीहोस्ट होतं आणि त्याचा "पाठवला" रकाना फुगलेला होता. विंडोजचे अपडेट इंटरनेटवरच्या इतर कॉम्प्युटरांना पुरवायचा पर्याय कोणीतरी चालू ठेवलेला. म्हणजे ही मंडळी आपल्या सिमवरून परगावच्या अनोळखी मशीनला अपडेट वाटत होती. तो बंद केला, त्या जोडणीला सेटिंगमध्ये मीटर्ड म्हणून खूण केली. मीटर्ड केलं की विंडोज मोठे अपडेट थांबवून ठेवते, वनड्राइव्हही गप्प बसतं. मात्र अपडेट कायमचे थांबवू नका. आठवड्यातून एकदा रात्री, किंवा मशीन फायबरवाल्या ठिकाणी नेऊन, ते होऊ द्यावेत. विंडोज 10 ला मायक्रोसॉफ्टनं 14 ऑक्टोबर 2025 रोजी निरोप दिला, आणि आमच्याकडे निम्म्याहून जास्त मशीनं अजून त्याच्यावरच दिसतात, हे दुखणं आणखी वेगळं.

राहता राहिला नजर ठेवण्याचा प्रश्न, आणि तो मला दर महिन्याला कोणीतरी विचारतंच. "ताई, या प्रोग्रामनं पोरं दिवसभर काय बघतात ते कळेल का?" आधी भ्रम दूर करते. एका मशीनवर वायरशार्क लावलं म्हणून सगळ्या ऑफिसचं नेट दिसत नाही. ऑफिसातली मशीनं जोडणारा स्विच ज्याचं पॅकेट त्यालाच देतो. तुम्हाला तुमच्या मशीनचं आणि सगळ्यांना उद्देशून पाठवलेलं तेवढंच दिसतं. दुसरं, आता जवळजवळ सगळ्या साईट कुलूपबंद आहेत. बँकेच्या साईटवर तुम्ही काय लिहिलं ते पॅकेटात सांकेतिक असतं. पण बँकेच्या साईटवर गेलात, हे मात्र बहुतेक वेळा उघडं असतं, कारण जोडणीच्या सुरुवातीच्या पॅकेटांतच साईटचं नाव साध्या अक्षरांत जातं. गावातल्या लहान ऑफिसात कोण कुठल्या दवाखान्याची साईट बघतं, कोण नोकरीच्या जाहिराती बघतं, एवढ्यावरूनही पुरेशी चर्चा होते. परवानगीशिवाय दुसऱ्याच्या कॉम्प्युटरमधली माहिती काढून घेणं माहिती तंत्रज्ञान कायदा 2000 च्या कलम 43 मध्ये बसतं, आणि लबाडीच्या हेतूनं केलं तर कलम 66 खाली तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. "आपलंच ऑफिस आहे" म्हणणाऱ्याला मी सांगते, मशीन तुमचं आहे, त्यावर बसलेल्या बाईचा खाजगी मेल तुमचा नाही.

एका व्यवस्थापकानं तरीही आग्रह धरला, कामाचे पैसे दुप्पट देतो म्हणाला. मी त्याला सांगितलं, नोकरांना लेखी कळवा, फलक लावा, मग कोणत्या मशीननं किती डेटा वापरला एवढा हिशेब राउटरमधून काढून देते. नावानिशी साईटी देणार नाही. तो रुसला, दुसऱ्याकडे गेला. जाऊ दे.

एनपीकॅप बसवताना एक पर्याय येतो: फक्त अॅडमिनिस्ट्रेटरलाच वापरू द्यायची. त्यावर मी न चुकता टिचकी मारते. नाहीतर मशीनवर बसणारा कोणीही पॅकेटं टिपू शकतो. काम झालं की टिपलेली फाईल मालकासमोर पुसते, रिसायकल बिनसकट, आणि महिनाभरात पुन्हा लागणार नसेल तर एनपीकॅपही काढून टाकते. मग कधीतरी त्या मशीनवरचा एखादा जुना प्रोग्राम उघडला जातो, चौकट येते, फोटो येतो. "ताई, व्हायरस तर नाही ना?" नाही भाऊ, मीच काढली होती, बुधवारी येते.